दगडखाणीचा परवाना, पर्यावरण मंजुरी आणि कोणीच न मोजलेला खड्डा

कातळवाट (धागाकर्ता)

आमच्या तालुक्यात खडी क्रशर वाढले, तशा ग्रामसभेतील तक्रारीही वाढल्या. त्यांचा पाठपुरावा करताना असे दिसले की, खाणपट्ट्याचा परवाना, पर्यावरण मंजुरी आणि प्रदूषण नियंत्रण मंडळाची संमती हे तीन वेगळे कागद आहेत आणि त्यांमागे तीन वेगळे कायदे आहेत, हे तक्रारदारांपैकी बहुतेकांना ठाऊक नसते. बेकायदा खाण बंद करा, असा अर्ज तहसीलदारांकडे जातो, तेथून खाण परवानाधारक असल्याचे उत्तर येते आणि प्रकरण निकाली निघते. उत्तर खोटे नसते, पण ते तीनपैकी एकाच कागदाविषयी असते.

प्रथम परवान्याविषयी. इमारतीचा दगड, मुरूम, वाळू ही गौण खनिजे आहेत. खाण व खनिज (विकास व विनियमन) अधिनियम, १९५७ च्या कलम १५ ने त्यांच्याविषयी नियम करण्याचा अधिकार राज्यांना दिला आणि महाराष्ट्राने २०१३ मध्ये गौण खनिज उत्खननाचे सध्याचे नियम केले. त्यांच्या जोडीला महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ चे कलम ४८ आहे. विनापरवाना उत्खनन केल्यास खनिजाच्या बाजारमूल्याच्या पाच पटींपर्यंत दंड आणि वाहने-यंत्रे जप्त करण्याचा अधिकार या कलमातून येतो. ही सगळी व्यवस्था महसूल खात्याच्या हाती आहे आणि तिचे एकक ब्रास आहे. एक ब्रास म्हणजे शंभर घनफूट, सुमारे २.८३ घनमीटर. स्वामित्वधन (रॉयल्टी) ब्रासवर, वाहतूक पास ब्रासवर, दंडही ब्रासवर.

पर्यावरण मंजुरीचा उगम वेगळा आहे. १४ सप्टेंबर २००६ च्या केंद्रीय अधिसूचनेत पाच हेक्टरांपेक्षा लहान खाणींना पूर्वमंजुरीची गरज नव्हती आणि त्यामुळे एकसलग डोंगराचे पाच हेक्टरांच्या आतले तुकडे पाडून ते वाटण्याची सोय झाली होती. हरियाणातील अशाच लिलावांवरून उद्भवलेल्या दीपक कुमार खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २७ फेब्रुवारी २०१२ रोजी आदेश दिला की, पाच हेक्टरांखालील गौण खनिजाच्या पट्ट्यांना, नूतनीकरणालासुद्धा, पूर्वमंजुरी लागेल. जानेवारी २०१६ मध्ये केंद्राने लहान पट्ट्यांची मंजुरी जिल्हा प्राधिकरणाकडे सोपवली. त्या प्राधिकरणाचे अध्यक्ष जिल्हाधिकारीच, म्हणजे स्वामित्वधनाचे उद्दिष्ट ज्यांच्याकडे, त्यांच्याकडेच पर्यावरणाची तपासणीही आली. राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाने १३ सप्टेंबर २०१८ रोजी सत्येंद्र पांडे प्रकरणात या रचनेला हरकत घेतली आणि अर्ज पुन्हा राज्यस्तरीय समितीकडे गेले. मधल्या काळात जिल्हा स्तरावर दिलेल्या मंजुऱ्या राज्य प्राधिकरणाकडून फेरतपासून घ्याव्यात, असे मंत्रालयाने २०२३ मध्ये सांगितले. आपल्या गावच्या खाणीकडे २०१६ ते २०१८ मधले मंजुरीपत्र असेल, तर तिची फेरतपासणी झाली का, हा पहिला प्रश्न विचारायला हवा.

तिसरा कागद प्रदूषण मंडळाचा. १९७४ चा जल कायदा आणि १९८१ चा वायू कायदा यांखाली उभारणीची आणि चालवण्याची अशा दोन संमती लागतात. धूळ कोंडून ठेवणारे आच्छादन, पाण्याचे फवारे, वारा अडवणाऱ्या भिंती, आवारातील पक्के रस्ते, झाडांचा पट्टा या क्रशरसाठीच्या अटी पर्यावरण (संरक्षण) नियमांतच आहेत. त्या कागदावर सर्वत्र पाळल्या जातात.

आता माझे म्हणणे मांडतो. नियम अपुरे आहेत, असे मला वाटत नाही. डोंगरातून बाहेर गेलेला दगड मोजणारी यंत्रणा आहे, कारण त्यात महसूल आहे; मागे उरलेला खड्डा मोजणारी नियमित यंत्रणा नाही. मंजुरीपत्रात वर्षाला किती उत्खनन, किती खोलीपर्यंत, भूजल पातळीच्या किती वर थांबायचे, सीमेपासून किती अंतर सोडायचे हे सगळे लिहिलेले असते. खड्ड्याची लांबी, रुंदी आणि खोली दरवर्षी मोजून त्या आकड्यांशेजारी ठेवली, तर अर्ध्या तक्रारींचा निकाल तेथेच लागेल. मोजणीचे तंत्र महसूल खात्याकडे आहेच. ईटीएस या सर्वेक्षण यंत्राने किंवा ड्रोनने खाणी मोजून लक्षावधींच्या दंडाच्या नोटिसा निघतात, मात्र त्या मोजणीचा अहवाल मंजुरी देणाऱ्या प्राधिकरणाकडे जात नाही आणि ग्रामपंचायतीला दिसत नाही.

जाणकारांनी यावर लिहावे. व्यवसायातील सदस्यांनीही अवश्य लिहावे.

खडीमशीन

धागाकर्त्यांनी व्यवसायातील लोकांना बोलावले म्हणून लिहितो. माझा क्रशर आहे, तीन कागद आहेत आणि तीनही चालू मुदतीचे आहेत.

खड्डा मोजावा, याला माझा विरोध नाही. मोजणी कोणत्या दिवसापासून धरायची, हा माझा प्रश्न आहे. आमच्या भागात एकाच गटात आधीच्या पट्टेदाराने खोदलेला खड्डा, त्यावर रस्त्याच्या ठेकेदाराने तात्पुरत्या परवान्यावर काढलेला माल आणि त्यानंतर नव्या पट्टेदाराचे काम असे थर असतात. पट्टा देताना मूळ पातळीची मोजणी करून ती करारासोबत जोडलेली नसते. काही वर्षांनी यंत्र लावून संपूर्ण खड्डा मोजला जातो, त्यातून पासांचा आकडा वजा होतो आणि उरलेला सगळा माल सध्याच्या पट्टेदाराच्या नावावर पाच पटींनी लागतो. अपिलात अशा नोटिसा टिकत नाहीत, म्हणून शासनाला पैसा मिळत नाही, आणि तोवर क्रशर बंद राहतो, म्हणून आम्हालाही मिळत नाही.

दुसरे असे की, कायदेशीर माणसाचा खर्च वाढत गेला की त्याचा फायदा बेकायदा माणसालाच होतो. २०२१ पासून स्वामित्वधन ब्रासला ४०० वरून ६०० रुपये झाले. त्याशिवाय जिल्हा खनिज प्रतिष्ठानचा, म्हणजे बाधित गावांसाठीच्या निधीचा, हिस्सा, खाणकाम आराखडा, मंजुरीसाठी सल्लागार, वाहनांना जीपीएस आणि महाखनिज या शासकीय संकेतस्थळावरचा प्रत्येक फेरीचा ऑनलाइन पास. रात्री विनापास जाणाऱ्या हायवा डंपरला यांपैकी काहीच लागत नाही आणि त्याची खडी साइटवर आमच्यापेक्षा स्वस्त पडते. घेणाराही, बऱ्याचदा शासकीय कामाचाच ठेकेदार, पास विचारतो तो बिल निघण्यापुरता.

२०२५ च्या कृत्रिम वाळू धोरणात पात्र घटकांना स्वामित्वधन ६०० ऐवजी २०० रुपये केले, हे चांगले झाले. नदीतली वाळू वाचेल. परंतु ती वाळूही डोंगरातूनच येणार आहे. नदीवरचा भार डोंगरावर सरकला, तर मंजुरीपत्रांतील वार्षिक मर्यादाही त्या हिशेबाने पाहाव्या लागतील. आज तसे कोणी पाहत असल्याचे मला दिसत नाही.

शंकूछेद

मी स्थापत्य अभियंता आहे. या चर्चेत ब्रास हा शब्द दोन अर्थांनी वापरला जात आहे, तो मुद्दा आधी सोडवायला हवा, कारण नोटिसा आणि त्यांवरील अपिले यांतला बराचसा गोंधळ तेथेच आहे.

एक हेक्टर क्षेत्रात सहा मीटर खोल खड्डा झाला, तर ६०,००० घनमीटर, म्हणजे सुमारे २१,२०० ब्रास दगड निघाला. हा घट्ट दगड आहे, डोंगरात बसलेला. तो फोडून डंपरमध्ये भरला की तुकड्यांमधल्या पोकळीमुळे त्याचे आकारमान वाढते. बेसाल्टच्या बाबतीत ही वाढ दीडपटीच्या आसपास किंवा अधिकही असते. वजनाने पाहायचे तर घट्ट बेसाल्टचा एक घनमीटर पावणेतीन टनांच्या वर भरतो आणि चाळलेल्या खडीचा दीड ते पावणेदोन टन. म्हणजे वरच्या खड्ड्यातून डंपरच्या हौद्यात मोजलेले ३०,००० हून अधिक ब्रास बाहेर गेले असले पाहिजेत.

पास हौद्यातील सैल ब्रासचा निघतो आणि यंत्र खड्ड्यातील घट्ट ब्रास मोजते. दोन्ही आकडे २१,२०० आले आणि अधिकाऱ्याने हिशेब जुळला म्हणून सही केली, तर प्रत्यक्षात निदान तिसरा हिस्सा विनापास गेलेला असतो. याच्या उलटही घडते. खड्ड्याच्या वरच्या थरातील माती आणि मांजऱ्या (सच्छिद्र) खडक विक्रीयोग्य नसतो, तो बाजूला ढीग करून ठेवलेला असतो, आणि मोजणीत त्याचीही खनिज म्हणून गणना होते. तेव्हा पट्टेदारावर अन्याय होतो. मोजणीच्या पंचनाम्यात घट्ट की सैल, कोणता गुणक धरला, टाकाऊ थराची वजावट किती आणि मूळ पातळी कोठून घेतली, ही चार उत्तरे नसतील, तर ती मोजणी कोणत्याच बाजूच्या उपयोगाची नाही. खडीमशीन यांचा मूळ पातळीचा मुद्दा म्हणूनच मला धाग्यातील सर्वांत महत्त्वाचा वाटतो. पट्ट्याचा ताबा देण्याच्या दिवशी केलेली समपातळी मोजणी करारनाम्याचा भाग करणे, एवढी एकच अट घातली तरी पुष्कळ भांडणे जन्मालाच येणार नाहीत.

निवृत्तमंडळ

महसूल खात्यातून मंडळ अधिकारी म्हणून निवृत्त झालो आहे, त्यामुळे थोडे आतले सांगतो.

जिल्ह्याला एक खनिकर्म अधिकारी आणि त्याच्या हाताखाली थोडके तांत्रिक कर्मचारी असतात. गावपातळीवरची सगळी भिस्त तलाठ्यावर, ज्याला आता ग्राम महसूल अधिकारी म्हणतात. पीकपाहणी, फेरफार, निवडणूक, अतिवृष्टीचे पंचनामे आणि यांतून वेळ उरला तर गौण खनिज. त्याच्याकडे टेप असतो, खोली मोजण्याचे साधन नसते. मार्चअखेर जवळ आली की वसुलीचे उद्दिष्ट गाठण्यासाठी वाहने अडवली जातात, कारण वाहन पकडले की दंड लगेच जमा होतो, आणि खड्डा मोजला की अपील सुरू होते. बाहेर गेलेला दगड मोजायचा, खड्डा नाही, हा धागाकर्त्यांनी दाखवलेला यंत्रणेचा कल असा घडतो. त्यामागे प्रत्येक वेळी कोणाचे साटेलोटे असतेच असे नाही. (असतेही. ते नाकारत नाही.)

तात्पुरत्या परवान्यांविषयी मात्र कडक बोलले पाहिजे. एखाद्या कामापुरता ठरावीक ब्रासचा परवाना ही सोय योग्य आहे. पण शेततळे किंवा सपाटीकरण दाखवून टेकडी उतरवणे आणि त्याच गटात परवान्यामागून परवाना घेत राहणे, हा पट्ट्याच्या सर्व अटी टाळण्याचा मार्ग झाला आहे. रस्त्यांसारख्या प्रकल्पांसाठी साधी माती काढायला पर्यावरण मंजुरीतून सरसकट सूट देणारी २०२० ची तरतूद सर्वोच्च न्यायालयाने २१ मार्च २०२४ रोजी नोबल पैकाडा प्रकरणात रद्द केली. ती सूट दगडाला कधीच नव्हती, तरीही परवानगी मातीची आणि उपसा मुरूम-दगडाचा, हे आम्ही डोळ्यांनी पाहिले आहे.

एक बारकावा लोकांच्या उपयोगाचा आहे. घराच्या पायासाठी खोदलेली माती त्याच भूखंडावर भरावासाठी वापरली, तर तिच्यावर स्वामित्वधन लागत नाही, असा निर्णय पुण्यातील बांधकाम व्यावसायिकांच्या संघटनेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०१४ मध्ये दिला आहे. तरीसुद्धा लहान घरमालकांना नोटिसा जात राहिल्या. त्याच काळात डोंगरावरचे पोकलेन कोणाला दिसत नव्हते.

वडार समाजाचाही उल्लेख येथे व्हायला हवा. पिढ्यानपिढ्या पहार-सुतकीवर दगड फोडणाऱ्या कुटुंबांना नियमांत स्वामित्वधनाची सवलत आहे, पण ती घेण्यासाठी लागणारी कागदपत्रे त्यांच्याकडे नसतात, आणि कारवाईचा आकडा दाखवायचा असला की प्रथम त्यांचाच ट्रॅक्टर उचलला जातो.

विहीरगाव

आमच्या वाडीची तक्रार धुळीपेक्षा सुरुंगांची आणि विहिरींची आहे. घरांना तडे गेले आहेत. पाहणीस आलेल्या अधिकाऱ्यांनी भिंती जुन्या असल्याचे लिहून नेले. तडे सुरुंगांमुळे गेले, हे सिद्ध कसे करायचे, याविषयी शंकूछेद यांनी कृपया सांगावे.

शंकूछेद

विहीरगाव, आपल्या प्रश्नाचे दोन भाग वेगळे करू.

सुरुंगाच्या धक्क्याचे मोजमाप कंपनाच्या वेगाने करतात. खाण सुरक्षा महासंचालनालयाच्या १९९७ च्या परिपत्रकात, खाणमालकाच्या मालकीच्या नसलेल्या साध्या घरांसाठी मर्यादा दिलेल्या आहेत: कंपनाची वारंवारता ८ हर्ट्झपेक्षा कमी असेल तर सेकंदाला ५ मिलिमीटर, ८ ते २५ हर्ट्झ असेल तर १० आणि त्याहून अधिक असेल तर १५ मिलिमीटर. जमिनीत बसवायचे कंपनमापक यंत्र भाड्याने मिळते आणि अभियांत्रिकी महाविद्यालयेही अशी मोजणी करून देतात. तडा जुना की नवा, हा वाद भिंतीकडे पाहून मिटत नाही. तड्यावर काचपट्टी चिकटवून तारखेसह छायाचित्रे घेत राहिल्यास आणि त्याच दिवसांचे कंपनाचे आकडे जोडल्यास पुरावा उभा राहतो. एका वेळी किती छिद्रे उडवली आणि त्यांत विलंबाचे (छिद्रे एकाच क्षणी न उडवता थोड्या अंतराने उडवणारे) डिटोनेटर होते का, याची नोंद खाणीत ठेवायची असते, ती मागवावी. ट्रॅक्टर कॉम्प्रेसरने पाडलेल्या उथळ छिद्रांचे छोटे सुरुंग हवेत आवाज फार करतात, पण जमिनीत कंपन त्या मानाने कमी देतात. आवाजावरून धोक्याचा अंदाज बांधू नये. छोट्या सुरुंगांचा खरा धोका उडणाऱ्या दगडाचा असतो.

अंतराविषयीही विचारले जाईल, म्हणून सांगतो. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने केरळमधील दगडखाणींच्या प्रकरणात वस्तीपासून सुरुंग नसल्यास किमान १०० मीटर आणि सुरुंग असल्यास २०० मीटर, अशी शिफारस केली होती. आपल्या खाणीला कोणते अंतर लागू आहे, ते मंजुरीपत्र आणि संमतीपत्र दोन्हींत पाहावे. दोन्हींत वेगळे असेल, तर जास्त अंतर मागावे.

शिवाय, सुरुंग वापरला की खाण लहान राहत नाही. नव्या श्रम संहितेपूर्वीच्या १९५२ च्या खाण अधिनियमातच दगडखाणींना मिळणारी सूट तीन अटींवर होती: खोली सहा मीटरांच्या आत, कामगार पन्नासांपर्यंत आणि स्फोटकांचा वापर नाही. यांपैकी एक अट मोडली तरी सूट संपत होती. स्फोटकांचा परवाना १८८४ च्या कायद्याखाली आणि २००८ च्या नियमांखाली निघतो. तो देणाऱ्या केंद्रीय यंत्रणेचे मुख्य कार्यालय नागपूरलाच आहे, त्यामुळे माहिती अधिकारात विचारणा करायला दिल्ली गाठावी लागत नाही.

विहिरींचा भाग अधिक नाजूक आहे. दख्खनच्या बेसाल्टमध्ये पाणी काळ्या पाषाणात नसते. ते वरच्या झिजलेल्या मुरमात, सच्छिद्र मांजऱ्या खडकात आणि दोन थरांमधल्या भेगांत असते. खाणवाल्याला हवा असतो तो त्याखालचा घट्ट काळा पाषाण, म्हणून तो पाणी धरणारा थर कापूनच खाली उतरतो. खड्डा विहिरीच्या वरच्या बाजूला असेल आणि त्याचा तळ विहिरीच्या उन्हाळी पातळीच्या खाली गेला असेल, तर खड्ड्यातून उपसलेले पाणी हे पुष्कळदा विहिरीकडे येणारे पाणी असते. भूजल पातळी छेदू नये, ही अट मंजुरीपत्रात सहसा असते. खाणीत डिझेल पंप आठवडेच्या आठवडे चालू असेल, तर अट मोडल्याचा तो सर्वांत सोपा पुरावा आहे. आसपासच्या विहिरींची पातळी मे आणि ऑक्टोबरमध्ये, दोरीला वजन बांधून का होईना, नोंदवायला आजच सुरुवात करावी. मागच्या दोन-तीन वर्षांच्या नोंदी नसतील, तर कोणताही भूवैज्ञानिक आपल्या बाजूने ठामपणे लिहू शकणार नाही.

सह्यकडा

धुळीबाबत एक पुरवणी. दख्खनच्या बेसाल्टमध्ये मुक्त सिलिकाचे प्रमाण अल्प असते, त्यामुळे राजस्थानातील वालुकाश्माच्या खाणकामगारांइतका सिलिकोसिसचा (सिलिकाच्या धुळीने होणाऱ्या फुप्फुसाच्या रोगाचा) धोका येथे नाही. हा युक्तिवाद क्रशरमालकांचे सल्लागार करतात आणि तो खडकाच्या बाबतीत बरोबरही आहे. परंतु त्यावरून धूळ निरुपद्रवी ठरत नाही. बारीक धूळ श्वासावाटे फुप्फुसात जाते, मग ती कोणत्याही दगडाची असो, आणि पिकाच्या पानांवर बसते ती वेगळीच. शिवाय राज्याच्या पूर्व आणि दक्षिण टोकांना ग्रॅनाइट आणि क्वार्ट्झाइटच्या खाणी आहेत; तेथे हा युक्तिवाद चालत नाही.

डहाणूरोड

अनुसूचित क्षेत्रातील गावांनी लक्षात ठेवावे की, १९९६ च्या पेसा कायद्याच्या कलम ४ नुसार गौण खनिजाच्या पट्ट्याआधी ग्रामसभेची किंवा योग्य स्तरावरील पंचायतीची शिफारस बंधनकारक आहे. ग्रामसेवकाच्या सहीचा ना-हरकत दाखला म्हणजे शिफारस नव्हे. इतर क्षेत्रांत ग्रामसभेच्या ठरावाला हे बळ नाही, म्हणून तेथील लढाई मंजुरीपत्राच्या अटींवरच लढावी लागते.

चिरेबंदी

चर्चा काळ्या दगडाभोवतीच फिरत आहे, म्हणून कोकणातल्या जांभ्याविषयी लिहिते.

चिरेखाण वेगळी असते. सुरुंग नाही, यंत्राच्या पात्याने चिरे कापायचे, खोली कमी आणि क्षेत्र मोठे. त्यामुळे ती कोणाला धोक्याची वाटत नाही. पण सड्यावरचा, म्हणजे कातळपठारावरचा, जांभा हाच आमचा पाणी मुरवणारा थर आहे आणि पायथ्याच्या झऱ्यांना पाणी त्यातूनच जाते. सड्यावर एकमेकींना लागून कापलेल्या चिरेखाणी पाहिल्या की, पाच हेक्टरांच्या आतील तुकड्यांविषयी न्यायालय जे म्हणाले, ते येथेही तंतोतंत लागू पडते. पट्ट्यांच्या सीमा पाचशे मीटरांच्या आत असतील, तर त्यांचा एकत्र समूह मानायचा आणि समूहाचे क्षेत्र पाच हेक्टरांवर गेले तर एकत्रित आघात अभ्यास आणि जनसुनावणी घ्यायची, असे २०१६ नंतरचे नियम सांगतात. समूह टाळायचा असेल, तर शेजारचा पट्टा अर्जाच्या नकाशात दाखवला जात नाही, एवढे साधे आहे. उपग्रहाच्या चित्रावर अंतर मोजायला पाच मिनिटे लागतात आणि ते काम कोणत्याही गावकऱ्याला करता येते. गोव्यातही चिरेखाणींचा प्रश्न याच वळणाचा आहे आणि तेथे तो वारंवार उच्च न्यायालयापर्यंत गेला आहे.

पश्चिम घाट पर्यावरणीय संवेदनक्षेत्राच्या केंद्रीय अधिसूचनेच्या मसुद्याकडेही माझे लक्ष आहे. पहिला मसुदा मार्च २०१४ चा आणि सहावा ३१ जुलै २०२४ चा. त्यात महाराष्ट्राचे सुमारे १७,३४० चौरस किलोमीटर क्षेत्र दाखवलेले आहे आणि त्या क्षेत्रात खाण, दगडखाण व वाळूउपसा यांवर पूर्ण बंदी, तसेच चालू खाणी पाच वर्षांत बंद करण्याची तरतूद आहे. मसुद्यामागून मसुदे निघत असताना प्रत्येक वेळी काही गावे वगळण्याची मागणी पुढे येते आणि मागणीच्या गावांच्या यादीत खाणी असलेली गावे कशी असतात, हा योगायोग तपासण्यासारखा आहे. माथेरान आणि महाबळेश्वर-पाचगणी या क्षेत्रांना अंतिम अधिसूचना मिळाल्या त्याला वीस वर्षांहून अधिक काळ झाला. तेथे दगडखाणींवर बंधने आहेत आणि बांधकामे थांबलेली नाहीत, एवढे तरी बंदीला घाबरणाऱ्यांनी पाहावे.

खडीमशीन

चिरेबंदी ताई, बांधकामे थांबली नाहीत कारण दगड बंदीच्या रेषेबाहेरच्या गावांतून आला. ती गावे कोणाची?

चिरेबंदी

आपला प्रश्न रास्त आहे. म्हणूनच जिल्हा सर्वेक्षण अहवाल प्रामाणिकपणे व्हायला हवा. जिल्ह्यात दगड कोठे आहे, मागणी किती, कोणत्या भागात खाण नको, हे सगळे त्या अहवालात यायला हवे आणि पट्टे त्यानंतर द्यायला हवेत. सध्या चालू पट्ट्यांची यादी करून तिलाच अहवाल म्हणण्याची पद्धत पडली आहे. मसुदा संकेतस्थळावर हरकतींसाठी ठेवला जातो, तेव्हा तो पाहणारे गावात कोणी नसते, हीही आपली बाजू आहे.

कातळवाट (धागाकर्ता)

प्रतिसादांबद्दल आभारी आहे. शंकूछेद आणि खडीमशीन यांच्या मुद्द्यांमुळे माझी मागणी अधिक नेमकी झाली: ताबा देतेवेळी मूळ पातळी, त्यानंतर दरवर्षी पावसाळ्यापूर्वी एक मोजणी, आणि तिचा नकाशा महाखनिजवर पट्ट्याच्या नोंदीसोबत सर्वांना दिसेल असा. पासांचा आकडा, मंजुरीतील मर्यादा आणि खड्ड्याचे घनमान एकाच पानावर आले, तर पट्टेदाराला आदल्या माणसाचे पाप भरावे लागणार नाही आणि गावाला अर्ज करत फिरावे लागणार नाही.

विहीरगाव यांच्यासारख्यांसाठी तक्रारीच्या वाटेविषयी लिहितो. मंजुरीपत्र केंद्राच्या परिवेश संकेतस्थळावर मिळते. अटींच्या पालनाचा अहवाल पट्टेदाराने दर सहा महिन्यांनी द्यायचा असतो. तो मागवून प्रत्यक्ष स्थितीशी ताडून पाहावा. बहुतेक अहवालांत दर वेळी तीच वाक्ये असतात, आणि न लावलेल्या झाडांची संख्यासुद्धा तीच असते. हरित न्यायाधिकरणाचे पश्चिम खंडपीठ पुण्यात आहे. मुदती मात्र कडक आहेत. नव्या मंजुरीविरुद्ध अपील तीस दिवसांत करायचे असते आणि सबळ कारण दाखवल्यास आणखी साठ दिवस मिळतात. इतर पर्यावरणीय वादांसाठी कारण घडल्यापासून सहा महिने, तर नुकसानभरपाई आणि पुनर्भरणासाठी पाच वर्षे. गावे बहुतेक वेळा पहिल्या दोन मुदती संपल्यावर जागी होतात, म्हणून भरपाईचे कलम लक्षात ठेवावे. मंजुरीशिवाय काढलेला किंवा मर्यादेपेक्षा अधिक काढलेला मालही विनाअधिकार ठरतो आणि त्याची संपूर्ण किंमत वसूल करता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने ओडिशातील खाणींच्या कॉमन कॉज प्रकरणात २ ऑगस्ट २०१७ रोजी म्हटले आहे. तो निकाल मोठ्या खनिजांचा असला, तरी त्याचा आधार असलेले कलम २१(५) गौण खनिजांनाही आधार असलेल्या त्याच १९५७ च्या कायद्यातले आहे.

विहीरगाव

आभारी आहे. एक शेवटची शंका. आमच्या शिवारात एक जुनी खाण बंद पडून पाण्याने भरली आहे. कुंपण नाही, गुरे पडतात, मुले पोहायला जातात. पट्टा संपला आहे आणि पट्टेदार फिरकत नाही. अशा खड्ड्याची जबाबदारी कोणाची?

निवृत्तमंडळ

याचे उत्तर मी देतो, कारण हे टेबल मी सांभाळले आहे.

पट्टा संपला म्हणून पट्टेदार मोकळा होत नाही. खाणकाम आराखड्यात खाण बंद करण्याचा भाग असतो: कडांना पायऱ्या, कुंपण, वरची माती परत पसरणे. २०२० मध्ये न्यायालयाने खाणपट्ट्यांच्या मंजुरीत खोदलेल्या जागेवर गवत आणि चारा पुन्हा उगवण्याजोगी स्थिती करण्याची अटही घालायला लावली आहे. पट्टा देताना त्याच्याकडून अनामत रक्कम घेतलेली असते, आणि बहुतेक ठिकाणी ती परत देताना थकबाकी नसल्याचा दाखला तेवढा पाहतात, खड्डा कोणी पाहत नाही. म्हणून प्रथम जिल्हा खनिकर्म कार्यालयात माहिती अधिकाराचा अर्ज करून अनामत परत गेली आहे का, ते विचारा. गेली नसेल, तर ती रोखून त्यातून कुंपण करावे, असा ग्रामसभेचा ठराव त्याच आठवड्यात अपर जिल्हाधिकाऱ्यांकडे द्या आणि पोच घ्या. गेली असेल, तर स्थळपाहणीशिवाय ती कोणी सोडली, ते टिप्पणीसह मागा. जमीन खासगी असल्यास सातबारावरच्या मालकालाही प्रत द्या, कारण पट्ट्यासाठी जमीन देण्याच्या संमतीपत्रावर त्याची सही असते. जिल्हा खनिज प्रतिष्ठानचा निधी बाधित गावांसाठीच असतो, त्यातून कुंपणाचा प्रस्ताव ग्रामपंचायतीला वेगळा पाठवता येतो. परंतु तो दुसरा अर्ज असू द्या. दोन्ही मागण्या एकाच कागदावर लिहिल्या, तर निधीचा विषय म्हणून फाइल दुसऱ्या टेबलावर जाईल आणि अनामतीचा प्रश्न तेथे कोणी उघडणार नाही.